काळ्या थेंबाच्या आत

आमचे बाबा खातेगांवात रेडिओ-टीव्ही दुरुस्त करीत. बाजारातल्या एका गल्लीत दहा बाय बाराचे दुकान, भिंतीला टेकून ठेवलेले दहा-बारा उघडे सेट, टेबलावर मल्टिमीटर, सोल्डरिंग आयर्न आणि जुन्या डब्यांत वर्गवारी करून ठेवलेले रेझिस्टर, कपॅसिटर. कन्नौदपासून नेमावरपर्यंतचे लोक सेट घेऊन त्यांच्याकडे येत. त्यांची एक सवय होती. दुरुस्ती झाली की मागचे झाकण लावण्यापूर्वी ते झाकणाच्या आतल्या बाजूला पेन्सिलीने तारीख आणि काय बदलले ते लिहीत, आणि खाली बारीकशी सही करीत. मी एकदा विचारले, "बाबा, आत कोण बघणार आहे?" ते म्हणाले, "पुढच्या वेळी जो उघडेल तो बघेल. त्याला कळायला नको, आधी कुणाचा हात लागलाय ते?"

१९९७ सालची दिवाळी झाली आणि गावात व्हिडिओ गेमची साथ आली. त्या वर्षी ज्यांच्याकडे सोयाबीनचे पैसे आले त्यांच्या मुलांना ते खेळणे मिळाले. टीव्हीला जोडायचा एक डबा, दोन रिमोट आणि पिवळी नाहीतर लाल कॅसेट. कॅसेट चालली नाही की सगळे तिच्यात फुंकर मारीत. मी तेव्हा नऊ वर्षांचा होतो. आमच्याकडे गेम नव्हता, पण बिघडलेले गेम आमच्याच दुकानात येत. दुरुस्त झाल्यावर "चालवून बघायची" जबाबदारी माझी असे.

वायर तुटली असेल, ॲडॉप्टर जळला असेल, तर बाबा पाच मिनिटांत काम करून देत. पण एकदा एक डबा आला, त्याचे हे सगळे ठीक होते. बाबांनी तो उघडला. आत पाहतो तर एक छोटासा हिरवा बोर्ड आणि त्याच्या मधोमध डांबराचा पडावा तसा काळा, घट्ट थेंब. ना नंबर, ना पाय. बाबांनी बराच वेळ भिंग लावून पाहिले. मग झाकण लावून टाकले आणि गिऱ्हाइकाला म्हणाले, "भाईसाब, ये मेरे बस का नहीं है." त्या झाकणाच्या आत त्यांनी सही केली नाही. रात्री जेवताना मला म्हणाले, "त्या थेंबाच्या आत जायला मला वाट नाही. तू इंजिनिअर हो. तू जाशील."

मी इंजिनिअर झालो. इंदूरला बी. ई. केले, पुण्याला नोकरी लागली, बँकांच्या व्यवहारांचे सॉफ्टवेअर लिहिता लिहिता चौदा वर्षे गेली. खरे सांगायचे तर त्या थेंबाच्या आत मीही कधी गेलो नाही. आम्ही सॉफ्टवेअरवाले वरच्या मजल्यावर राहतो, तळघर पाहायची वेळ सहसा येत नाही.

ती वेळ बाबांनी आणली. गेल्या वर्षी त्यांच्या दोन्ही किडन्यांनी काम थांबवले. आता आठवड्यातून दोनदा पहाटे आम्ही खातेगांवहून निघतो. कन्नौद, चापडा, डबलचौकी करीत इंदूरला पोचतो. तिथे चार तास डायलिसिस. माझ्या कंपनीने घरून काम करायची सवलत दिली म्हणून हे जमते. आत्या पहिल्या दिवसापासून म्हणते आहे, "दादा, माझी एक घे." आपल्याकडे १९९४ च्या अवयव प्रत्यारोपण कायद्याने भावंडांना अशी किडनी देता येते. पण बाबांचे उत्तर ठरलेले, "बहिणीला ओवाळणी द्यायची असते. तिच्याकडून किडनी घ्यायची नसते." एवढे बोलून ते कूस बदलून घेत आणि विषय संपे.

अशाच एका मंगळवारी, मशीन सुरू झाल्यावर, त्यांनी एकदम विचारले, "त्या काळ्या थेंबाच्या आत काय होतं रे?" मला सांगता आले नाही. चौदा वर्षांच्या नोकरीची लाज वाटली. त्या रात्री वाचायला बसलो आणि पुढचे काही मंगळवार-शुक्रवार आमचा विषय ठरून गेला. तीच गोष्ट आज आपल्याला सांगतो.

थेंबाच्या आत सिलिकॉनचा एक तुकडा होता. स्वस्त पडावे म्हणून त्याला पाय आणि आवरण न देता सरळ बोर्डावर चिकटवून वरून राळ ओतलेली. आपल्याकडे आलेले ते डबे जपानच्या निन्टेन्डो कंपनीने १९८३ साली काढलेल्या 'फॅमिकॉम'च्या नकला होत्या. त्यात दोन मुख्य कामकरी होते, एक हिशेब करणारा प्रोसेसर आणि दुसरी फक्त टीव्हीवर चित्र काढणारी चिप. प्रोसेसरचा गाभा होता ६५०२ जातीचा. अमेरिकेतल्या एमओएस टेक्नॉलॉजी या कंपनीत चक पेडल आणि त्यांच्या साथीदारांनी तो तयार केला आणि १९७५ च्या सप्टेंबरात सॅन फ्रान्सिस्कोच्या एका प्रदर्शनाच्या वेळी २५ डॉलरला विकायला ठेवला. तोवर असे प्रोसेसर शेकडो डॉलरला मिळत. या एका किमतीने संगणक घरात आणला. ॲपल-२ मध्ये हाच ६५०२, कमोडोर-६४ मध्ये त्याचाच भाऊ. आपल्या सरकारने १९८४-८५ मध्ये 'क्लास' प्रकल्पात निवडक शाळांना दिलेले बीबीसी मायक्रो संगणकसुद्धा ६५०२ वरच चालत.

पण प्रोसेसर स्वस्त झाला म्हणून टीव्हीवर चित्र उमटत नाही. ते काम ज्यांनी घराघरात पोचवले त्यांत एक नाव फार मोठे आहे, जे मायनर.

मायनर यांचा जन्म ३१ मे १९३२ रोजी ॲरिझोनातल्या प्रेस्कॉट गावी झाला. शाळा संपल्यावर ते अमेरिकेच्या तटरक्षक दलात गेले आणि तिथे इलेक्ट्रॉनिक्स शिकले. नंतर बर्कलेच्या विद्यापीठातून इंजिनिअर झाले. साठच्या दशकात कॅल्क्युलेटरच्या चिप्स केल्या, १९७३ मध्ये सिनरटेक नावाची चिप कंपनी काढणाऱ्यांत ते होते. सत्तरच्या दशकाच्या मध्यावर ते अटारी या कंपनीत आले. घरच्या टीव्हीला जोडायचे, कॅसेट बदलून निरनिराळे खेळ खेळायचे यंत्र अटारीला हवे होते. स्टीव्ह मेयर आणि रॉन मिल्नर यांनी त्याची कल्पना मांडली होती, जो डेक्यूर यांनी नमुना चालवून दाखवला होता. त्याची चिप करण्याचे काम मायनर यांच्याकडे आले.

अडचण मेमरीची होती. टीव्हीवरचे पूर्ण चित्र साठवायचे तर त्या यंत्राच्या १६० गुणिले १९२ बिंदूंसाठी, एका बिंदूला एकच बिट धरला तरी, जवळपास ४ किलोबाइट मेमरी लागली असती. तेव्हा मेमरी इतकी महाग होती की यंत्र दोनशे डॉलरच्या आत बसले नसते. अटारीने यंत्राला मेमरी दिली फक्त १२८ बाइट. आज देवनागरीचे एक चिन्ह साठवायला साधारणपणे ३ बाइट लागतात. म्हणजे आपल्या लिपीतली ४२ चिन्हे, या लेखातले एखादे छोटे वाक्य, एवढीच त्या यंत्राची सारी स्मरणशक्ती.

"मग चित्र ठेवलं कुठे?" बाबांनी विचारले.

"ठेवलंच नाही," मी म्हणालो. "चिपमध्ये फक्त एका ओळीची सोय होती. दोन खेळाडू, दोन गोळ्या, एक चेंडू आणि मागचा पडदा. टीव्हीचा किरण एक ओळ काढत असताना प्रोसेसर पुढच्या ओळीची तयारी करायचा."

मी पुढे समजावणार इतक्यात बाबा उशीवरून थोडे उठले. "म्हणजे एका ओळीच्या वेळात. चौसष्ट मायक्रोसेकंद."

मी गप्पच झालो. आपल्याकडच्या टीव्हीत सेकंदाला १५,६२५ ओळी निघतात, एका ओळीला ६४ मायक्रोसेकंद. अमेरिकेत साधारण तेवढेच. त्या वेळात अटारीच्या प्रोसेसरचे ७६ ठोके पडत. ७६ ठोक्यांत पुढच्या ओळीत काय दिसणार ते ठरवायचे, चिपला सांगायचे, आणि हे सेकंदाला हजारो वेळा, एकदाही न चुकता. मला हे समजायला दोन रात्री लागल्या होत्या. बाबांना लागले एक वाक्य. तीस वर्षे लाइन ट्रान्सफॉर्मर बदलणाऱ्या माणसाला किरण कसा पळतो ते कुणी सांगायचे?

"चित्र कुठेच नव्हतं तर," ते स्वतःशीच म्हणाले. "फक्त ओळ होती. बाकी सगळं बघणाऱ्याच्या डोळ्यात." आणि मग हसून, "गरिबाचा संसार आहे रे हा. आजचं आज भागवायचं."

ते यंत्र १९७७ मध्ये बाजारात आले. पुढे अटारी २६०० म्हणून ते जगभर ओळखले गेले आणि कोट्यवधी घरांत पोचले.

त्यानंतर मायनर यांनी अटारीच्या ४०० आणि ८०० या घरगुती संगणकांच्या चिप्सचे काम पाहिले. ते १९७९ च्या अखेरीस विक्रीस आले. त्यात त्यांनी एक पाऊल पुढे टाकले. चित्र काढणाऱ्या 'अँटिक' नावाच्या चिपला स्वतःची कामाची यादी वाचता येऊ लागली, म्हणजे प्रोसेसरला प्रत्येक ओळीमागे धावायचे कारण उरले नाही. आवाजाला आणि कळफलकाला आणखी एक चिप. बाबांना मी म्हटले, "दुकानात एक पोऱ्या सोल्डरिंगला, एक गिऱ्हाइकाला, तसं." ते म्हणाले, "आणि मालक मोकळा विचार करायला. बरोबर आहे."

मायनर यांना पुढचे यंत्र मोटोरोलाच्या ६८००० या नव्या, कितीतरी ताकदवान प्रोसेसरवर करायचे होते. अटारीच्या वरिष्ठांना ते पटले नाही. जे चालले आहे ते विकले जात होते, मग बदलायचे कशाला? मायनर यांनी नोकरी सोडली आणि शरीरात बसवायच्या पेसमेकरसाठी चिप्स करणाऱ्या एका कंपनीत गेले.

१९८२ मध्ये त्यांना जुने सहकारी लॅरी कॅपलन यांचा फोन आला. नवी कंपनी काढायची होती, आणि गुंतवणूकदार कोण, तर काही दंतवैद्य! त्यांना गेमचे यंत्र हवे होते. मायनर यांच्या मनात मात्र पूर्ण संगणक होता. हीच पुढे अमिगा कंपनी झाली. १९८३ मध्ये अमेरिकेत व्हिडिओ गेमचा धंदा कोसळला आणि मायनर यांचा हट्ट योग्य ठरला, पण पैसा मिळेना. जॉयस्टिक विकून खर्च भागवला जात होता. पगार निघावेत म्हणून मायनर यांनी राहते घर दुसऱ्यांदा गहाण टाकले, असे त्यांच्या सहकाऱ्यांनी सांगून ठेवले आहे.

इथे बाबांनी डोळे मिटले. मला वाटले झोप लागली. काही वेळाने म्हणाले, "तुझ्या शेवटच्या वर्षाच्या फीसाठी मी दुकान गहाण टाकलं होतं. तुला सांगितलं नव्हतं." मला काय बोलावे ते सुचेना. मशीनचा आवाज तेवढा चालू राहिला. मग त्यांनीच हात हलवून म्हटले, "सुटलं ते कधीच. तू पुढे सांग."

जानेवारी १९८४ मध्ये लास वेगासच्या प्रदर्शनात त्यांनी नमुना दाखवला. चिप्स अजून तयार नव्हत्या. प्रत्येक चिपच्या जागी सुट्या भागांनी भरलेले, हजारो तारांचे बोर्ड होते. ते इतके नाजूक की विमानात सामानात टाकायची छाती होईना. म्हणून त्यांच्यासाठी शेजारची सीट काढली आणि तिकिटावर नाव घातले 'जो पिलो', म्हणजे आपला 'उशीराव'! प्रदर्शनात लाल-पांढऱ्या चौकटींचा एक मोठा चेंडू पडद्यावर उड्या मारत होता. लोक टेबलाखाली वाकून खरा संगणक कुठे लपवला आहे ते शोधत.

तोवर अटारीकडून घेतलेले पाच लाख डॉलरचे कर्ज डोक्यावर होते. जूनअखेर फेडले नाही तर सगळी विद्या अटारीकडे जाणार. अटारी शेअरमागे एक डॉलरही द्यायला तयार नव्हती. शेवटच्या घटकेला कमोडोर कंपनी आली आणि शेअरमागे सव्वाचार डॉलर देऊन ऑगस्टमध्ये तिने अमिगा विकत घेतली. २३ जुलै १९८५ रोजी न्यूयॉर्कला अमिगा १००० जगापुढे आला. एका वेळी अनेक कामे, चार वाटांनी निघणारा आवाज आणि ४०९६ रंग, तेही १२९५ डॉलरला. हे सगळे रंग एकाच वेळी पडद्यावर आणण्याची सोय मायनर यांना खरे तर काढून टाकायची होती. पण काढली तर चिपमध्ये मोकळी जागाच राहणार आणि सगळी आखणी पुन्हा करायला वेळ नव्हता, म्हणून ती राहिली. लोकांना तीच सर्वांत जास्त आवडली.

आता मी बाबांसाठी मुद्दाम राखून ठेवलेला भाग. मी मोबाइलवर त्यांना एक फोटो दाखवला. अमिगा १००० च्या झाकणाची आतली बाजू. तिथे प्लास्टिकमध्येच ते यंत्र तयार करणाऱ्या सगळ्यांच्या सह्या उठवलेल्या आहेत. मायनर यांची आहे, चिपवाल्यांची, प्रोग्रामवाल्यांची, कचेरी सांभाळणाऱ्यांची. 'जो पिलो'चीसुद्धा आहे. आणि एका बाजूला कुत्रीच्या पंजाचा ठसा. मायनर यांची ही मिची रोज त्यांच्याबरोबर कामावर यायची, तिचे ओळखपत्रसुद्धा होते.

बाबांनी फोटो मोठा करून पाहिला. किती तरी वेळ पाहत होते. "झाकणाच्या आत," एवढेच म्हणाले.

यापुढची गोष्ट मला सांगायची नव्हती, पण त्यांनी विचारले, "मग पुढे काय झालं त्यांचं?" खोटे कसे बोलू? म्हटले, मायनर यांना किडनीचा आजार होता. तेही डायलिसिसवर होते. त्याही दिवसांत काम सोडले नाही. शेवटच्या वर्षांत हृदयाचे ठोके बिघडले तर आतूनच झटका देऊन सावरणाऱ्या यंत्राच्या चिप्स त्यांनी केल्या. एप्रिल १९९४ मध्ये कमोडोर कंपनी बुडाली आणि २० जूनला, बासष्टाव्या वर्षी, मायनर गेले.

बाबाही यंदा बासष्टचे आहेत. ते दोघांच्याही लक्षात आले, पण कुणी बोलले नाही.

"त्यांना किडनी मिळाली नाही का?"

"मिळाली होती. बहिणीने दिली होती."

बाबा छताकडे पाहत राहिले. नर्स येऊन रक्तदाब पाहून गेली. मग त्यांनी विचारले, "त्या झाकणात तिची सही होती का?"

"नाही बाबा. ती कंपनीत नव्हती."

"हं," ते म्हणाले. "असायला पाहिजे होती."

परतताना चापड्याला चहा घेतला. गाडीत त्यांनी स्वतःहून आत्याला फोन लावला. आधी गहू कसा आहे, जावयाचे पाय दुखणे कसे आहे, अशी पाच मिनिटे गेली. मग म्हणाले, "अगं, रविवारी येतेस का? सोमवारी इंदूरला जाऊ. तपासणी करायला काय जातंय." पलीकडून आत्या काय बोलली ते ऐकू आले नाही. बाबा मात्र, "बरं, बरं, रडू नकोस," म्हणाले आणि फोन माझ्या हातात दिला.

तपासण्या आता सुरू आहेत. रक्तगट जुळला आहे, बाकीचे अहवाल यायचे आहेत, आणि आत्याच्या तब्येतीला धक्का लागणार नाही अशी डॉक्टरांची खात्री झाल्याशिवाय पुढे जायचे नाही, ही बाबांची अट आहे. काय होईल ते आज सांगता येत नाही.

मागच्या रविवारी आम्ही बंद दुकान उघडले. एका खोक्यात तसलाच एक गेम सापडला, कुणीतरी दुरुस्तीला टाकून पुन्हा न्यायला न आलेला. बाबांनी मला तो उघडायला सांगितला. आत तोच काळा थेंब. मी त्यांना दाखवत गेलो, इथे ६५०२, इथे चित्राची चिप, इथून टीव्हीला वाट. यंत्र काही चालू झाले नाही. पण झाकण लावण्यापूर्वी बाबांनी खिशातून पेन्सिल काढली, आतल्या बाजूला तारीख घातली आणि मला म्हणाले, "सही तू कर."